बापाच्या भूमिकेत नॉर्वेकर

दिल्लीतल्या मराठी माणसाला वर्षातून एकदाच नट होण्याची मुभा असते, गणपतीत. बाकीचं वर्ष तो फायलींवर शेरे मारतो. मीही मारायचो. पण भाद्रपद जवळ आला की मी सेक्शन ऑफिसर उरत नसे. करोल बागेतल्या आमच्या मंडळाच्या नाटकात नायक मीच, हे ठरलेलं. एक तर माझा आवाज हॉलच्या शेवटच्या रांगेपर्यंत आणि तिथून रस्त्यापलीकडच्या मोटारपार्टच्या दुकानांपर्यंत पोचायचा. शिवाय तालमीच्या खोलीची किल्ली माझ्याकडे होती. लोक कौतुक आवाजाचं करत. काम मला किल्लीमुळे मिळत असावं, हे समजायला मला फार वर्षं लागली.

आवाजासाठी मी मेहनत घ्यायचो, हे मात्र खरं. आम्ही लोदी कॉलनीत सरकारी क्वार्टरमध्ये राहायचो. रोज सकाळी मी लोदी गार्डनमध्ये एका मकबऱ्याच्या घुमटाखाली उभा राहून संवाद म्हणायचो. घुमटासारखा श्रोता नाही. जे बोलाल ते मोठं करून परत देतो आणि वर काही सुचवत नाही.

डिसेंबरातल्या एका सकाळी जाऊन बघतो तर माझी जागा गेलेली. आत कुणीतरी आधीच गरजत होतं. चौकीदार बाहेर बिडी ओढत बसला होता. मला बघून तो समजुतीच्या सुरात म्हणाला, "साब, आज नंबर लगाना पडेगा. आप जैसा एक और आ गया."

आत एक गोरा म्हातारा उभा होता. दाराच्या चौकटीएवढा उंच, केस पांढरे, आणि त्या धुक्यात अंगावर फक्त एक पातळ शर्ट. मी माकडटोपी, मफलर आणि एकावर एक दोन स्वेटर अशा क्रांतिकारकाच्या वेषात. त्यांनी आपलं वाक्य पूर्ण केलं, माझ्याकडे वळले आणि छाती पुढे काढून ओरडले, "कौन हो तुम? तुम्हारी ये मजाल!"

मी दोन पावलं मागे सरलो. "नमस्कार, आपण कोण?" एवढंच त्यांना विचारायचं होतं, हे मला नंतर कळलं.

ते नॉर्वेचे, म्हणजे पुढे आमचे नॉर्वेकर. आयुष्यभर तिथल्या रंगभूमीवर आणि सिनेमात कामं केलेले व्यावसायिक नट. बायको त्यांच्याहून बरीच लहान आणि एम्बसीत मोठ्या हुद्द्यावर. तिची दिल्लीला बदली झाली, म्हणून काम सोडून तेही आले. टीव्ही तेव्हा नुकता रंगीत झाला होता, मालिका सुरू झाल्या होत्या आणि प्रत्येक मालिकेला एक तरी इंग्रज लागायचा. दूरदर्शनच्या कचेरीजवळ, कोपर्निकस मार्गावरच्या चहाच्या टपऱ्यांवर, मालिकावाल्यांची माणसं गोऱ्या कातडीच्या शोधात फिरत. एरवी ही माणसं पहाडगंजमधून एखादा पर्यटक पकडून आणायची आणि त्याला लाल कोट चढवायची. असा खरा नट हाती लागल्यावर त्यांनी नॉर्वेकरांना सोडलंच नाही.

त्यामुळे नॉर्वेकरांची हिंदी सगळी संवादांतून आलेली. त्यात शिव्या, हुकूम आणि धमक्या भरपूर, पण 'कृपया' नव्हतं. भाजीवाल्याला ते म्हणायचे, "गुस्ताख! गोभी पेश करो!" रिक्षात बसल्यावर म्हणायचे, "ले जाओ मुझे!" आमच्या बाजारातला भाजीवाला त्यांच्यावर इतका खूश होता की ते दिसले की हात जोडून उभा राहायचा आणि म्हणायचा, "रहम, हुजूर, रहम." मग दोघं हसत सुटायचे आणि भाव राहूनच जायचा. मला त्यांनी पहिल्या आठवड्यातच 'बागी' हे नाव दिलं. मालिकेत ते ज्याला रोज चाबकानं फोडायचे, त्याला ते तेच म्हणत.

त्यांचं खरं नाव आमच्या घरात कुणाला जमलं नाही. हिनं एकदा प्रयत्न केला आणि म्हणाली, "जीभच वळत नाही बाई. नॉर्वेचे ना? मग नॉर्वेकर. बिल्कुल सावंतवाडीचे वाटतात." त्यांना अर्थ सांगितला तेव्हा ते फार खूश झाले. आपल्या गावाचं नाव माणूस असं पाठीला बांधून हिंडतो, ही कल्पनाच त्यांना आवडली.

त्यांच्या कामाबद्दल ते बोलत, पण आम्ही हौशी नट बोलतो तसे नाही. म्हणजे टाळ्यांचा उल्लेख नसे. सुरुवात त्यांनी पत्रे हलवून केली. विंगेत टांगलेला पत्रा हलवला की वादळ होतं. दोन वर्षं ते वादळ होते. मग नोकर झाले, निरोपे झाले. एका हिवाळ्यात तरुण राजपुत्राचं काम मिळालं आणि गाव त्यांना ओळखायला लागलं, तेवढ्यात जर्मन आले. देश त्यांच्या ताब्यात गेला. पुष्कळ नटांनी जर्मनांच्या हुकमाखाली काम करायचं नाकारलं. नॉर्वेकर त्यांतले. डोंगरातल्या वाड्यावस्त्यांवर, स्वयंपाकघरात, होड्या ठेवायच्या पडवीत ते चोरून नाटकं करत. प्रेक्षक बटाटे घेऊन येत. मग कुणीतरी चुगली केली, ते पकडले गेले आणि तुरुंगात गेले. तिथल्या पहारेकऱ्यांकडून ते उत्तम जर्मन शिकले.

"तीच चूक झाली," ते म्हणायचे.

लढाई संपल्यावर तिकडे लढाईचेच सिनेमे निघायला लागले. उंची, गालाची हाडं आणि भाषा, तिन्ही जुळलेला माणूस एकच. पहिल्यांदा त्यांनी नकार दिला. मग वाटलं, हे लोक मी जवळून पाहिलेत, माझ्याइतकं खरं कोण करणार? केलं, आणि इतकं खरं केलं की पुढे जन्मभर त्यांना दुसरं काही मिळालं नाही. बसमध्ये शेजारची जागा रिकामी राहायची. एकदा नाटकात पाद्री म्हणून आले, तर प्रवेश होताच गॅलरीतून शिट्ट्या. शाळेत त्यांच्या मुलीला एका पोरानं विचारलं होतं, "तुझा बाबा आमच्या आजोबांना का मारतो?"

हे सगळं ते हसत सांगत. "तिकडे जर्मन, इकडे इंग्रज," ते म्हणत. "जिथे जातो तिथल्या लोकांचं ज्यांच्याशी भांडण, त्यांचंच काम मला मिळतं."

मी त्यांच्या दुःखात सहभागी होत म्हणालो, "माझंही तसंच आहे. मला लोक नायकाशिवाय दुसऱ्या भूमिकेत बघूच शकत नाहीत."

त्यांनी माझ्याकडे बराच वेळ पाहिलं. मला वाटलं, समदुःखी भेटला म्हणून पाहताहेत.

ते गेले त्याला आता पुष्कळ वर्षं झाली. बातमी त्यांच्या बायकोनं दिली, एका कामासाठी ती दिल्लीत आली होती तेव्हा. तिकडच्या पेपरांनी भला मोठा मजकूर छापला होता, म्हणाली, आणि झाडून सगळ्यांनी फोटो टाकला होता तो जर्मन गणवेषातला.

तर त्या हिवाळ्यात ते आमच्या घरी यायला लागले. माझ्याशी नाट्यचर्चा करायला येतात, असा माझा समज होता. मी चर्चा करायचोही. पण थोड्याच दिवसांत लक्षात आलं की ते मागच्या अंगणात बाबांशेजारी जाऊन बसतात. बाबा पोस्टातून निवृत्त होऊन आमच्याकडे राहायला आले होते. हिवाळ्यात दिल्लीच्या प्रत्येक अंगणात होतं तेच आमच्याकडे व्हायचं. उन्हात खाट टाकायची, पोतंभर मटार आणायचा आणि सोलत बसायचं. बाबा सोलायचे, नॉर्वेकर सोलायचे. दुपारच्या दुपार. बोलणं अजिबात नाही. बाबांना इंग्रजी बेताचं, नॉर्वेकरांना मराठी नाही. मला वाटायचं, म्हणूनच यांचं जमतं.

माझं आणि बाबांचं तसं जमत नसे. भांडण नव्हतं. पण मी काहीही सांगितलं की ते माझ्या तोंडाकडे बघायचे, जरा उशिरा हसायचे आणि म्हणायचे, "बरं, जेवून घे." मला बढती मिळाली तेव्हा म्हणाले, "जेवून घे." क्वार्टर बदलायचं म्हटलं, तरी तेच. माझ्या प्रत्येक नाटकाला ते पुढच्या रांगेत बसत आणि घरी येताना एक अक्षर बोलत नसत. नाटकवाल्या मुलाबद्दल सरकारी नोकरीतल्या बापाला काय वाटणार, हे मी ओळखून होतो. त्यावर एकदा मी मंडळाच्या अंकात लेखही लिहिला होता, 'कलावंताचं एकाकीपण' या नावाचा.

उन्हाळा सरता सरता नाटक ठरलं. स्वातंत्र्यलढ्यातलं. भूमिगत क्रांतिकारक मी. घर सोडून गेलेला हा मुलगा एका संध्याकाळी बापाचा निरोप घ्यायला चोरून येतो, आणि शेवटी इंग्रज अधिकारी त्याला पकडतो. आमच्या मंडळात इंग्रज म्हटलं की हिशेब खात्यातले लेले. घारे डोळे, गोरे, आणि मराठी मुळातच कडक. पण यंदा माझ्या हाताशी खरा गोरा होता. लेल्यांना मी इंग्रजाचा हवालदार केलं. ते तालमीला येत राहिले, पण माझ्याशी बोलायचे बंद झाले.

पहिल्या वाचनाला नॉर्वेकर आले. गोष्ट मी त्यांना इंग्रजीतून सांगितली. ती संपल्यावर त्यांनी विचारलं, "यात चांगला माणूस कोण?"

"मी," मी म्हणालो.

"तुझ्याशिवाय?"

"बाप. जुना शाळामास्तर आहे. पोटात माया, ओठात शिस्त."

ते मांडीवरचे हात एकमेकांत गुंतवून म्हणाले, "ते काम मला मिळेल का? एकदा तरी."

खोलीत हशा पिकला. सहा फुटांहून उंच नॉर्वेजियन कोकणातला शाळामास्तर! मीच जास्त हसलो. तेही हसले आणि म्हणाले, "ठीक है. चाबुक लाओ."

पण त्यानंतर त्यांनी एकही तालीम चुकवली नाही. स्वतःचा प्रवेश शेवटच्या अंकात असला तरी पहिल्यापासून भिंतीला टेकून बसायचे, डोळे मिटून. मला वाटायचं डुलकी घेताहेत. बापाचं काम आमचे एक डेप्युटी सेक्रेटरी करत होते. त्यांना पानभर भाषण होतं, मातृभूमीवर. ते त्यांनी फाईलवरची टिपणी वाचावी तसं पाठ केलं होतं.

प्रयोग रविवारी दुपारी ठेवला होता. कॅन्टोन्मेंटमधून साताऱ्या-कोल्हापूरकडचे जवान बायकामुलं घेऊन ट्रकमधून यायचे आणि त्यांना अंधाराच्या आत परतावं लागे. पडदा उघडायला तासभर राहिला असेल, तेवढ्यात डेप्युटी सेक्रेटरींचा फोन आला. अधिवेशन चालू होतं, सोमवारी संसदेत त्यांच्या खात्यावर तारांकित प्रश्न होता आणि मंत्र्यांनी त्यांना बसवून ठेवलं होतं. "आय ॲम सॉरी यार," ते म्हणाले. "स्टार्ड क्वेश्चन आहे. काही करता येत नाही."

बाहेर ट्रक येऊन लागलेले. नॉर्वेकर आरशासमोर इंग्रजाच्या मिशा लावत होते. त्यांनी काय झालं ते विचारून घेतलं, मिशा काढून ठेवल्या आणि मराठीत म्हणाले, "मी बाप."

"पण शब्द?"

"शब्द आहेत."

"आणि तुमचं काम कोण करणार?"

कोपऱ्यातून लेले उठले. पायजम्याच्या आत त्यांनी इंग्रजाची पाटलोण घालून ठेवली होती. का, ते मी आजवर विचारलेलं नाही. महिनाभरानंतर ते माझ्याशी पहिलं वाक्य बोलले, "मला सगळं पाठ आहे."

नॉर्वेकरांना धोतर नेसवायला मंडळाचे दोघं लागले. टोपी लहान पडली. ते म्हणाले, चपला जुन्या हव्यात, कुणाच्या तरी पायातल्या. बाहेर जाऊन स्वतःच कुणाच्या तरी घेऊन आले. पडदा वर गेला तेव्हा ते खाटेवर बसले होते, आणि काय केलं कोण जाणे, लहान झाले होते. खांदे उतरले होते, मान आत गेली होती. सहा फूट कुठे ठेवले ते कळेना. पहिल्या वाक्याला मागून खसखस झाली, कारण 'ळ' त्यांना येत नव्हता. दुसऱ्याला कमी. मग कुणी हसलंच नाही.

माझा प्रवेश आला. मी दमदार पावलं टाकत आलो, प्रेक्षकांकडे तोंड केलं आणि निरोपाचं भाषण सुरू केलं. मी भाषण नेहमी प्रेक्षकांनाच देत असे. बाप शेजारी असतो, त्याच्यासाठी मान कशाला वळवायची? पण बोलता बोलता काहीतरी वेगळं जाणवलं. शेजारचा माणूस ऐकत होता. मंडळात इतकी वर्षं नाटकं केली, पण रंगमंचावर माझं कुणी ऐकल्याचं आठवत नव्हतं. दुसरे सगळे आपली पाळी कधी येते याची वाट बघत असत. मी वळून पाहिलं.

नॉर्वेकरांनी डावीकडे थोडी मान कलती केली होती. नजर माझ्या ओठांवर. मी एक वाक्य संपवलं, तसं ते हसले, जरासे उशिरा. समोर पुढच्या रांगेत माझे बाबा बसले होते, डावीकडे मान कलती करून, माझ्या ओठांकडे बघत.

माझं भाषण कसंबसं संपलं. आता बापाचं पानभर भाषण. त्याच्या शेवटच्या ओळीवर माझं पुढचं वाक्य अडकवलेलं. नॉर्वेकरांनी माझ्याकडे पाहिलं. त्यांना काहीएक ऐकू आलेलं नाही आणि ते कुणाला कळू द्यायचं नाही, असा तो चेहरा होता. मग त्यांनी खाटेवर हात आपटून जागा केली आणि म्हणाले,

"जेवून जा."

बस्स. मातृभूमी नाही, काही नाही.

मला पुढचं वाक्य आठवेना. मागचंही आठवेना. प्रॉम्प्टर पानं चाळत राहिला. मी खाटेवर त्यांच्या शेजारी जाऊन बसलो. हॉलमध्ये कुठेतरी एक बाई हुंदका देऊन रडली, मग आणखी काही. लढाईवर जाणारा मुलगा आणि 'जेवून जा', हे त्या ट्रकमधून आलेल्या बायकांना कुणी समजावून सांगायची गरज नव्हती. लेले वेळेच्या आधीच इंग्रज होऊन आत आले आणि त्यांनी मला पकडलं म्हणून मी सुटलो. मंडळाच्या पुढच्या अंकात परीक्षण आलं: 'नायकाने प्रथमच संयमित अभिनय केला.' तो माझ्या आयुष्यातला एकमेव चांगला अभिप्राय आहे, आणि त्या वेळी मी काहीच करत नव्हतो.

पडदा पडल्यावर सगळे नट ओळीत उभे राहिले. नॉर्वेकर उठले, उठतच गेले, तेव्हा कुठे लोकांना कळलं हा केवढा माणूस आहे. हॉलभर 'अरे बापरे' झालं आणि मग टाळ्या. त्यांना नमस्कार करायला बायकांची रांग लागली. एका म्हातारीनं त्यांच्या गालावरून हात फिरवून स्वतःच्या कानशिलावर बोटं मोडली. ते खाली वाकून उभे राहिले आणि तसेच राहिले. धोतराच्या सोग्यानं त्यांनी डोळे पुसले, रंग पसरला, आणि त्यांनी तो पसरू दिला.

नंतर मी त्यांना गाठलं. "भाषण विसरलात?"

"नाही."

"मग गाळलंत का?"

"त्या माणसानं तुझं काही ऐकलंच नव्हतं," ते म्हणाले. "भाषण कसलं करणार?" मग माझा चेहरा बघून त्यांनी हळूच विचारलं, "तुझ्या वडिलांना ऐकू येत नाही. तुम्हा घरच्यांना माहीत होतं ना?"

माहीत नव्हतं. घरी मी हळू बोलायचो. आवाज रंगभूमीसाठी जपून ठेवायचो.

बाबा हॉलच्या पायरीवर उभे होते, अनवाणी. चपला नॉर्वेकरांच्या पायात होत्या. मी जवळ गेलो तसं त्यांनी विचारलं, "मी असा दिसतो?"

मी हो म्हणून मान हलवली.

"कधीपासून?" मग स्वतःच म्हणाले, "मला वाटायचं, कुणाच्या लक्षात येत नाही." आणि पुढे म्हणाले, "रिटायर व्हायच्या आधीपासून आहे रे. तू नाटकात काय म्हणतोस ते कधी कळलंच नाही. हातवारे मात्र चांगले असतात."

म्हणजे इतकी वर्षं ज्याच्या नाराजीवर मी लेख लिहिला होता, त्याला मी फक्त हातवाऱ्यांपुरता माहीत होतो.

त्याच आठवड्यात त्यांना कानाच्या डॉक्टरकडे नेलं आणि यंत्र बसवलं. पहिले काही दिवस ते घरभर फिरून आवाज गोळा करत होते. कुकर, चिमण्या, जिन्यावरची पोरं. हिला म्हणाले, "सूनबाई, तू गातेस हे मला ठाऊकच नव्हतं." ही लाजली. ती गाते हे मलाही ठाऊक नव्हतं. नॉर्वेकर येत, आणि आता अंगणात बोलणं चाले. बाबा शब्द सांगत, ते म्हणून दाखवत. 'ळ' शेवटपर्यंत आला नाही.

गणपतीतल्या प्रयोगाचं नाव झालं म्हणून त्या वर्षी दिवाळीच्या पाडव्यालाही मंडळात एकांकिका होती. नायक अर्थातच मी. माझं सगळं आयुष्य या दिवसासाठी चाललं होतं असं मला वाटत होतं. आज बाबा मला ऐकणार होते. मी रात्रंदिवस पाठांतर केलं, गरम पाण्याच्या गुळण्या केल्या. पुढच्या रांगेत बाबा आणि नॉर्वेकर शेजारी शेजारी बसलेले. संयम वगैरे सगळं विसरून मी पूर्ण आवाज लावला. स्वगत चढत गेलं, चढत गेलं, आणि ऐन शिखरावर असताना मला दिसलं की बाबांचा हात कानाकडे गेला. त्यांनी यंत्र काढलं, रुमालात नीट गुंडाळलं, खिशात ठेवलं आणि हाताची घडी घालून शांतपणे माझे हातवारे बघत बसले.

प्रयोग झाल्यावर मी धावतच त्यांच्याकडे गेलो आणि कानापाशी वाकून विचारलं, "बाबा, सेल संपला का?"

"नाही रे, कालच घातलाय," बाबा म्हणाले. "उगाच कशाला वाया घालवायचा?"

नॉर्वेकरांना याचं भाषांतर करून सांगावं म्हणून मी वळलो, तर ते खुर्चीचा हात धरून आधीच हसत होते.